घटिकास्थिरक

घटिकास्थिरक : काळाचा वेग बदलणाऱ्या इंजिनाची चाल एका लयीत राखणारे काल्पनिक यंत्र. मराठवाड्याच्या मातीत कल्पिलेल्या एका अद्भुत जगात विहिरीवर पाण्याच्या इंजिनाशेजारी काळाचे इंजिनही असते. स्थिरक जोडल्याशिवाय ते कोणी सुरू करत नाही. गावात त्याला नुसते ‘वाटी’ म्हणतात.

या कल्पनेचे मूळ गारपिटीच्या धास्तीत आहे. शाळू पेरल्यापासून कापणीला यायला साधारण चार महिने लागतात आणि तो आडवा व्हायला पाव तास पुरतो. २०१४ च्या फेब्रुवारी-मार्चमधली गारपीट पाहिलेल्या माणसाला हे सांगावे लागत नाही. उरलेले आठ दिवस आजच्या आज सरले असते तर, हा विचार त्या वेळी कितीतरी बांधांवर झाला असेल. काळाचे इंजिन नेमके तेच करते. ते शेताभोवती रिंगण धरते आणि आतला काळ भरभर पुढे नेते.

धोका इंजिन पळू लागले की सुरू होतो. वेग सगळीकडे सारखा राहत नाही. मराठीत ‘तास’ म्हणजे साठ मिनिटे आणि नांगराने पडलेली ओळही. बिघडलेल्या रिंगणात हे दोन्ही अर्थ एकत्र दिसतात. एका तासात कणसे भरून वाळलेली, शेजारच्या तासात पोटरी अजून फुटलेली नाही, आणि त्याच्या पलीकडे ताटे काळी पडून मोडलेली. अशा शेतात बैलसुद्धा पाय टाकत नाही.

स्थिरकाचे दोन भाग. पहिला घटिकापात्राचा. बुडाशी बारीक छिद्र असलेली तांब्याची वाटी पाण्याने भरलेल्या घंगाळात सोडतात. ती भरून बुडाली की एक घटिका झाली. घटिका २४ मिनिटांची, अहोरात्रात अशा ६०, आणि एका घटिकेची पळे ६०. लग्नाचा मुहूर्त पूर्वी याच वाटीवर साधत. ‘घटकाभर टेका’ म्हणताना आजही आपण तेच माप वापरतो. दुसरा भाग दोन लोखंडी गोळ्यांचा, म्हणजे गव्हर्नरचा. जेम्स वॉटने १७८८ मध्ये तो वाफेच्या इंजिनाला लावला. वेग वाढला की फिरणारे गोळे बाहेर फाकतात, दांडी हलते आणि वाफेची वाट अरुंद होते. जुन्या तेलाच्या इंजिनांतही वेग आवरण्याचे हेच तत्त्व होते.

एकटा गव्हर्नर इथे का चालत नाही, हा या यंत्राचा गाभा आहे. गोळे रिंगणाच्या आत फिरतात. आतला काळच वेडावाकडा झाला की त्यांचे फिरणेही त्याच्याबरोबर बदलते, आणि चूक त्यांना कळतच नाही. म्हणून घंगाळ रिंगणाबाहेर ठेवतात आणि साखळीने दांडीला जोडतात. बाहेरची वाटी बुडायच्या आत गोळ्यांनी ठरल्यापेक्षा जास्त फेरे घेतले, तर दांडी झडप आवळते. माप ज्याचे घ्यायचे त्याच्या तावडीत माप असू नये, एवढा साधा हा विचार आहे, आणि मला तो फार देखणा वाटतो.

दांडी फार ताठ ठेवूनही भागत नाही. जेम्स क्लार्क मॅक्सवेलने १८६८ मध्ये दाखवले की दुरुस्ती करणारे यंत्र स्वतःच हेलकावे वाढवू शकते. शेतकऱ्याला हा प्रकार आवाजावरून कळतो. इंजिन पळते, दबते, पुन्हा पळते. रिंगणात त्याचा परिणाम म्हणजे उजेड-अंधाराची उघडझाप. म्हणून साखळीला बोटभर ढील ठेवतात.

मोजणी स्थानिक मध्यान्हीपासून धरतात, घड्याळातल्या बारापासून नाही. भारतीय प्रमाणवेळ ८२.५ अंश पूर्व रेखांशाची. सूर्याला एक अंश सरकायला ४ मिनिटे लागतात. छत्रपती संभाजीनगर सुमारे ७५.३ अंशांवर, म्हणून तिथली सरासरी मध्यान्ह २९ मिनिटे उशिरा येते. नांदेडची सुमारे २१ मिनिटे. या दोहोंमध्ये ७६.५ अंशांची रेषा आहे. तिथे हा फरक बरोबर २४ मिनिटांचा, म्हणजे नेमकी एक घटिका. ही रेषा लातूर शहराच्या अगदी जवळून जाते. त्यामुळे या जगात नवी वाटी पारखायला लातूरकडेच नेतात. बाराच्या ठोक्याला पाण्यात सोडलेली वाटी काठीची सावली सर्वांत आखूड होताना बुडाली, तर ती खरी. वर्षभरात सूर्य घड्याळाच्या थोडा मागेपुढे होतो, तेवढी मिनिटे जाणते लोक धरून चालतात.

राखणीचे काम बहुधा घरातल्या म्हाताऱ्या माणसाकडे असते. बोअरच्या जड पाण्याने छिद्राभोवती क्षाराचा पांढरा थर धरतो, वाटी उशिरा बुडते आणि घटिका लांबते. वाटी चिंचेने चोळायची, छिद्रातून केरसुणीची काडी हलकेच फिरवायची. राख किंवा वाळू लावायची नाही, कारण छिद्र मोठे होते. उन्हाने तापलेले पाणी छिद्रातून लवकर आत शिरते, म्हणून घंगाळ लिंबाच्या सावलीत ठेवतात. लिंबोळ्यांच्या दिवसांत पोर शेजारी बसवतात. एक लिंबोळी आत पडली तरी वाटी कलते. ‘आबा, बुडाली!’ अशी हाळी आली की आबा दोरीला आणखी एक गाठ मारतात.

इंजिन बंद करायचे ते वाटी बुडाल्यावरच. अर्ध्या घटिकेत बंद केले तर उरलेली पळे रिंगणातच राहतात, आणि पुढची पेरणी त्या पट्ट्यात दोन दिवस आधी उगवते.