खेळ तुमचा, वही कोणाची? फोनमधल्या गेम सेंटरची पार्श्वभूमी

आयफोनवर एखादा खेळ उघडला की पडद्याच्या वरच्या कडेतून एक छोटी पट्टी खाली सरकते, तुमचं टोपणनाव दाखवते आणि दोन-तीन सेकंदांत नाहीशी होते. बहुतेक लोक तिच्याकडे लक्षही देत नाहीत. काहींना तर ते टोपणनाव आपण कधी ठेवलं हेच आठवत नाही. त्या पट्टीमागे गेम सेंटर नावाची सेवा आहे. ती वेगळी डाउनलोड करावी लागत नाही, फोनमध्येच असते. तुमचं खेळाडू म्हणून नाव, तुमचे मित्र, कोणत्या खेळात किती गुण मिळवले आणि कोणती अचीव्हमेंट, म्हणजे खेळाने ठरवून दिलेलं लक्ष्य, पूर्ण केली, याची नोंद ती ठेवते. थोडक्यात, सगळ्या खेळांची मिळून एक वही.

ही वही कोणी ठेवायची, हा प्रश्न मला या इतिहासाच्या मुळाशी दिसतो. आज गेम सेंटर वापरताना जो गोंधळ होतो, त्यातला बराचसा त्या प्रश्नाला वेळोवेळी मिळालेल्या वेगवेगळ्या उत्तरांमुळे झाला आहे.

सुरुवातीला वही खेळाच्या यंत्रातच असायची. 1978 च्या, नाणं टाकून खेळायच्या स्पेस इनव्हेडर्समध्ये सर्वांत जास्त गुण पडद्यावर कायम दिसत राहायचे. पुढच्याच वर्षी आलेल्या ॲस्टेरॉइड्समध्ये गुणांपुढे आपली तीन आद्याक्षरं टाकता येऊ लागली. एवढ्याशा सोयीने फार मोठा फरक पडला. आकड्याला माणूस चिकटला, आणि त्या यंत्रासमोर पुढे जो कोणी उभा राहील त्याला ती अक्षरं वाचावीच लागली. घरच्या टीव्हीवर खेळणाऱ्यांना मात्र असा प्रेक्षक नव्हता. म्हणून 1980 च्या दशकाच्या सुरुवातीला ॲक्टिव्हिजन कंपनी खेळाडूंना टीव्हीच्या पडद्याचा फोटो काढून टपालाने पाठवायला सांगायची. गुण पुरेसे असतील तर उत्तरादाखल कापडी बिल्ला घरी यायचा. अचीव्हमेंटची कल्पना मला तिथेच दिसते: एक ठरलेलं लक्ष्य, त्याचा पुरावा आणि मिरवता येईल अशी खूण.

मोबाइलवर हे सगळं फार साधेपणाने आलं. 1997 मध्ये नोकिया 6110 वर स्नेक आला. दोन फोन समोरासमोर धरून इन्फ्रारेडने दोघांना तो एकत्र खेळता यायचा. पण हायस्कोर त्या फोनपुरताच. 2003 मध्ये नोकियाने एन-गेज हा खास खेळांचा फोन काढला आणि त्याच्यासोबत एन-गेज अरीना ही ऑनलाइन सेवाही दिली. कल्पना काळाच्या पुढची होती, फोन मात्र चालला नाही.

खरा साचा घडला तो टीव्हीला जोडायच्या कन्सोलवर. मायक्रोसॉफ्टने नोव्हेंबर 2002 मध्ये आपल्या एक्सबॉक्स कन्सोलसाठी एक्सबॉक्स लाइव्ह ही ऑनलाइन सेवा सुरू केली आणि एक नियम घालून दिला: खेळ कोणत्याही कंपनीचा असो, खेळाडूचं नाव एकच आणि मित्रयादीही एकच. त्याआधी संगणकावरच्या बऱ्याच ऑनलाइन खेळांत प्रत्येक ठिकाणी नवं खातं उघडायचं आणि मित्र नव्याने शोधायचे, अशी रीत होती. 2005 मध्ये एक्सबॉक्स 360 आला तेव्हा त्यात अचीव्हमेंटचीही भर पडली. डिस्कवर विकल्या जाणाऱ्या प्रत्येक खेळाला एकूण 1000 गुण वाटून द्यायचे आणि खेळाडूच्या नावापुढे सगळ्या खेळांची बेरीज दाखवायची. हा 1000 चा आकडा लक्षात ठेवा, पुढे पुन्हा येणार आहे.

ॲपलचं ॲप स्टोअर 10 जुलै 2008 रोजी उघडलं. खेळांची रीघ लागली, पण त्या खेळांना एकत्र बांधणारं ॲपलकडे काहीच नव्हतं. लीडरबोर्ड, म्हणजे सर्वाधिक गुण मिळवणाऱ्यांची क्रमवार यादी, हवा असेल तर प्रत्येक लहान कंपनीने स्वतःचा सर्व्हर चालवायचा. ही पोकळी भरायला बाहेरच्या कंपन्या पुढे आल्या. एनजीमोकोचं प्लस प्लस होतं, स्कोअरलूप होतं, आणि सगळ्यांत जास्त पसरलेलं ओपनफेंट.

ओपनफेंटची गोष्ट सविस्तर सांगण्यासारखी आहे. ॲप स्टोअर सुरू झालं त्याच सुमारास जेसन सिट्रॉन आणि डॅनिएल कॅस्ली यांचा ऑरोरा फेंट हा खेळ आला. आपले कोणते ओळखीचे लोक हा खेळ खेळतात, हे दाखवण्यासाठी तो फोनमधली संपर्कयादी सर्व्हरवर पाठवायचा, तीही सांकेतिक रूपात न बदलता. ॲपलने तो स्टोअरमधून काढला आणि दुरुस्ती झाल्यावर परत घेतला. मित्र शोधायचे तर मित्रांची माहिती कोणाच्या तरी हाती द्यावी लागते, ही अडचण फोनवरच्या सामाजिक खेळांना अशी पहिल्या दिवसापासून चिकटली. ती आजही सुटलेली नाही, फक्त सेटिंग्जमध्ये तिला बटणं मिळाली आहेत.

त्या खेळासाठी बांधलेली सामाजिक यंत्रणा 2009 मध्ये ओपनफेंट या नावाने इतर कंपन्यांना देण्यात आली. तयार लीडरबोर्ड, तयार अचीव्हमेंट, तयार गप्पांची खोली. एकट्यादुकट्याने खेळ बनवणाऱ्यांना हे वरदान होतं, आणि हजारो खेळांनी ते बसवून घेतलं. एप्रिल 2011 मध्ये जपानच्या ग्री कंपनीने ओपनफेंट 10 कोटी 40 लाख डॉलरना विकत घेतलं आणि डिसेंबर 2012 मध्ये बंद केलं. ज्या खेळांच्या वह्या तिथे होत्या, त्यांचे लीडरबोर्ड रिकामे झाले. ज्यांनी वेळेत दुसरीकडे सोय केली ते वाचले. ज्यांचे निर्माते केव्हाच दुसऱ्या कामाला लागले होते, त्या खेळांतलं ऑनलाइनचं बटण पुढे कुठेच पोचेना. लोकांनी रात्री जागून मिळवलेले गुण होते ते, आणि ते गेल्याची हळहळ मला आजही रास्त वाटते. सिट्रॉन यांनी पुढे 2015 मध्ये डिस्कॉर्ड सुरू केलं. खेळणाऱ्यांच्या गप्पांसाठी सुरू झालेलं ते व्यासपीठ आज जगभर वापरलं जातं.

ॲपलने आपलं उत्तर 8 एप्रिल 2010 रोजी जाहीर केलं. आयफोनच्या प्रणालीच्या चौथ्या आवृत्तीत सात ठळक गोष्टी असणार होत्या, त्यातली एक गेम सेंटर. जूनमध्ये ती प्रणाली आली तेव्हा मात्र गेम सेंटर तयार नव्हतं. ते 8 सप्टेंबर 2010 रोजी आयओएस 4.1 बरोबर, म्हणजे त्याच प्रणालीच्या सुधारित आवृत्तीबरोबर, लोकांच्या हाती पडलं. एक टोपणनाव, एक मित्रयादी, लीडरबोर्ड, अचीव्हमेंट आणि अनोळखी खेळाडूशी आपोआप जोडी लावून देण्याची सोय. प्रत्येक खेळाच्या अचीव्हमेंटना वाटायला जास्तीत जास्त गुण 1000. एक्सबॉक्सचा साचा किती पक्का बसला होता, हे त्यावरून कळतं. आयपॅडवर ते त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये आलं, मॅकवर 2012 मध्ये.

ज्यांनी ते पहिलं रूप पाहिलं आहे त्यांना हिरव्या बनातीचा पट आणि लाकडी चौकट आठवत असेल. जुगाराच्या टेबलासारखं ते दिसायचं. 2013 मध्ये आयओएस 7 आलं, सगळ्या प्रणालीचं रूप बदललं आणि बनातीच्या जागी रंगीत फुगे आले. आवडीनिवडी वेगळ्या असतील, पण जुन्या रूपाचा एक गुण मान्य करायला हवा: उघडताक्षणी कळायचं की ही खेळायची जागा आहे. फुग्यांकडे पाहून तसं काही कळत नव्हतं.

पसरण्याचा वेग अफाट होता. जून 2011 मध्ये, म्हणजे नऊ महिन्यांत, ॲपलने 5 कोटी वापरकर्त्यांचा आकडा सांगितला. त्याच वर्षी आयओएस 5 मध्ये प्रोफाइलवर फोटो आला, मित्र सुचवले जाऊ लागले आणि आळीपाळीने खेळायच्या खेळांची सोय झाली. बुद्धिबळासारखा डाव, तुमची चाल सकाळी, त्याची संध्याकाळी. फोनच्या स्वभावाला सगळ्यांत शोभणारी सोय कोणती, असं विचारलं तर मी हीच सांगेन.

पण वहीत खोट्या नोंदीही झाल्या. अनेक लीडरबोर्डवर पहिल्या जागी एकच आकडा दिसायचा: 92,23,37,20,36,85,47,75,807. हा कोणाच्या कौशल्याचा आकडा नव्हे. गेम सेंटर गुण 64 बिटांच्या पूर्णांकात साठवतं आणि त्यात मावणारी सर्वांत मोठी संख्या ही आहे. गुण किती झाले हे खेळणाऱ्याच्या फोनवरचं ॲपच सर्व्हरला कळवतं. त्या निरोपात फेरफार केला की हवा तो आकडा चढवता येतो. प्रामाणिक खेळाडूला हे पाहून वाईट वाटणं साहजिक होतं. उपाय लीडरबोर्डमध्येच आहे: सर्व खेळाडूंऐवजी फक्त मित्रांची यादी निवडा. तिथे चुरस खरी असते, कारण माणसं माहीत असतात.

अँड्रॉइडवर गूगलने जुलै 2013 मध्ये प्ले गेम्स आणलं. रचना तीच, पण सुरुवातीला खेळाडूचं खातं गूगल प्लस या सामाजिक जाळ्याला बांधलेलं होतं. अनेकांना खेळापायी आपलं खरं नाव उघड करायचं नव्हतं. 2016 मध्ये ही अट निघाली आणि स्वतंत्र गेमर नाव घेता येऊ लागलं. या दोन वह्या एकमेकींशी बोलत नाहीत. एका प्रकारच्या फोनवरून दुसऱ्या प्रकारच्या फोनवर गेलात तर मित्रयादी आणि अचीव्हमेंट मागेच राहतात.

सप्टेंबर 2016 मध्ये आयओएस 10 आलं आणि गेम सेंटरचं ॲप फोनमधून नाहीसं झालं. सेवा बंद झाली नव्हती. खेळांच्या आतून लीडरबोर्ड दिसत होते आणि सेटिंग्जमध्ये एक पान उरलं होतं. सामन्याचं आमंत्रण आता मेसेजमधून पाठवायचं होतं. पण वहीला मुखपृष्ठच राहिलं नाही. गेम सेंटर बंद पडलं, असा समज त्याच काळात पसरला आणि तो अजून पुरता गेलेला नाही. नवे मित्र जोडण्याची वाट बुजल्यामुळे मोठ्या खेळकंपन्या आपापली खाती काढू लागल्या. क्लॅश ऑफ क्लॅन्सच्या सुपरसेलने स्वतःचा आयडी आणला तो याच सुमारास.

आजचा सर्वांत त्रासदायक गैरसमजही इथेच येतो. गेम सेंटरमध्ये साइन इन केलं की खेळातली प्रगती, म्हणजे पार केलेले टप्पे आणि जमवलेली नाणी, आपोआप सुरक्षित राहते असं अनेकजण धरून चालतात. तसं नाही. गेम सेंटर गुण आणि अचीव्हमेंट ठेवतं. प्रगती कुठे ठेवायची हे खेळाचा निर्माता ठरवतो: त्याच्या सर्व्हरवर, आयक्लाउड या ॲपलच्या ऑनलाइन साठवणीत किंवा नुसती फोनमध्ये. काही खेळ गेम सेंटरची ओळख फक्त किल्लीसारखी वापरतात. किल्ली गेम सेंटरची, तिजोरी दुसऱ्याची. म्हणून फोन बदलण्याआधी त्या त्या खेळाच्या सेटिंग्जमध्ये प्रगती कशाशी जोडलेली आहे हे पाहून घ्या. ओळखीच्या एकांचा दोन वर्षांचा डाव असाच गेलेला मी पाहिला आहे. गेम सेंटरमध्ये अचीव्हमेंट सगळी जागच्या जागी होती आणि खेळ मात्र पहिल्या टप्प्यापासून.

गेम सेंटरकडे पुन्हा लक्ष गेलं ते ॲपल आर्केडमुळे. सप्टेंबर 2019 मध्ये ही वर्गणीची सेवा आली आणि खेळ विकायचे तर खेळणाऱ्यांना एकत्र आणणारं काहीतरी हवं, हे पुन्हा पटलं. 2020 च्या आयओएस 14 मध्ये खेळाच्या आतच उघडणारा नवा फलक आला, ठरावीक मुदतीने नव्याने सुरू होणारे लीडरबोर्डही आले. खासगीपणाची बटणं आज सेटिंग्जमधल्या गेम सेंटरच्या पानावर सापडतात. प्रोफाइल सर्वांना दिसावं, फक्त मित्रांना की फक्त स्वतःला, हे तिथे ठरवता येतं. जवळपासच्या खेळाडूंनी वायफाय किंवा ब्लूटूथवरून आमंत्रण द्यावं की नाही, हेही. मुलांच्या फोनसाठी स्क्रीन टाइममध्ये वेगळे निर्बंध आहेत: अनेकांसोबतचे खेळ, मित्र जोडणं, खासगी संदेश. टोपणनावात मुलाचं खरं नाव किंवा जन्मवर्ष असेल तर ते आधी बदला, बाकीची बटणं त्यानंतर.

सप्टेंबर 2025 मध्ये आयओएस 26 बरोबर गेम्स नावाचं ॲप आलं. तब्बल नऊ वर्षांनी वहीला पुन्हा मुखपृष्ठ मिळालं. फोनमधले सगळे खेळ, मित्र काय खेळत आहेत ते, लीडरबोर्ड आणि अचीव्हमेंट एका जागी दिसतात. एकट्याने खेळायच्या खेळातही मित्राला ठरावीक मुदतीचं आव्हान देता येतं, अर्थात खेळाच्या निर्मात्याने ती सोय बसवली असेल तर. ते ॲप पहिल्यांदा उघडलं की आधी मित्रांची यादी पाहा. कधीकाळी एखाद्या सामन्यापुरते जोडलेले अनोळखी लोक तिथे असतील तर त्यांना काढून टाका, आणि ज्याच्याशी खरोखर खेळायचंय अशा एकाला आमंत्रण पाठवा.