वर्तुळाच्या समीकरणाचा आलेख

प्रतलातील एका स्थिर बिंदूपासून समान अंतरावर असणाऱ्या सर्व बिंदूंचा संच म्हणजे वर्तुळ. ही अट क्ष आणि य या निर्देशकांत मांडली की वर्तुळाचे समीकरण मिळते. केंद्र (अ, ब) आणि त्रिज्या त्र असेल तर ते (क्ष − अ)² + (य − ब)² = त्र² असे लिहितात. दहावीच्या भूमितीत शिकवले जाणारे अंतराचे सूत्रच येथे दोन्ही बाजूंचा वर्ग करून मांडलेले आहे आणि त्या सूत्राच्या मुळाशी पायथागोरसचे प्रमेय आहे. बीजगणित आणि भूमिती यांची ही सांगड सतराव्या शतकात रेने देकार्त आणि पिएर द फर्मा यांनी घातली. देकार्तचा ‘ला जेओमेत्री’ हा ग्रंथ १६३७ मध्ये प्रसिद्ध झाला.

नाशिककरांच्या बोलण्यात वर्तुळ रोज येते ते द्वारका सर्कल, मायको सर्कल अशा चौकांच्या नावांतून. परंतु समीकरणाचा अर्थ अधिक चांगला उमगतो तो शेतात गोल विहीर आखताना. मध्यभागी खुंटी ठोकतात, तिला दोरी बांधतात आणि दोरी ताणून धरत फिरून फक्की टाकतात. खुंटी हे केंद्र आणि दोरीची लांबी ही त्रिज्या. निफाडकडच्या एखाद्या मळ्याचा नैर्ऋत्य कोपरा आरंभबिंदू मानला आणि खुंटी तेथून ३० मीटर पूर्वेला व २० मीटर उत्तरेला असून दोरी ४ मीटर असली, तर विहिरीच्या काठाचे समीकरण (क्ष − ३०)² + (य − २०)² = १६ होते. आता (३३, २४) येथे विजेचा खांब असेल तर तो खोदकामात येईल काय? डाव्या बाजूची किंमत ९ + १६ = २५ येते. ती १६ पेक्षा मोठी आहे, म्हणून खांब वर्तुळाबाहेर आहे. त्याचे केंद्रापासूनचे अंतर ५ मीटर, म्हणजे काठापासून अवघे १ मीटर. समीकरण काठावरच्या बिंदूंचे असले तरी आत आणि बाहेर कोण, हेही ते सांगते.

कागदावर आलेख काढताना प्रथम केंद्र मांडावे. (क्ष − ३)² + (य + २)² = २५ या समीकरणात य + २ म्हणजे य − (−२), म्हणून केंद्र (३, −२) आणि त्रिज्या ५. केंद्रापासून उजवीकडे, डावीकडे, वर आणि खाली पाच-पाच एकके मोजली की (८, −२), (−२, −२), (३, ३) आणि (३, −७) हे बिंदू मिळतात, आणि मग कंपासने वर्तुळ पूर्ण करता येते. ३, ४, ५ या त्रिकुटामुळे (६, २) आणि (७, १) यांसारखे आणखी आठ पूर्णांक बिंदूही या वर्तुळावर येतात. पेन्सिलीची रेघ त्यांवरून गेली की आकृती बरोबर असल्याची खात्री पटते. विद्यार्थ्यांच्या चुका बहुधा दोनच ठिकाणी होतात: केंद्राचे चिन्ह उलटे घेतले जाते किंवा २५ हीच त्रिज्या समजली जाते. समीकरणाकडे अंतर म्हणून पाहणाऱ्याकडून या चुका सहसा होत नाहीत.

हेच समीकरण विस्तारून क्ष² + य² − ६क्ष + ४य − १२ = ० असे दिले, तर केंद्र दिसेनासे होते. अशा वेळी क्ष आणि य यांचे पूर्ण वर्ग करावे लागतात: −१२ उजव्या बाजूला नेऊन दोन्ही बाजूंना ९ आणि ४ मिळवले की मूळ रूप परत मिळते. या मूळ रूपात उजवी बाजू शून्य आली तर आलेख एकच बिंदू असतो. ऋण आली तर कागदावर काढण्यासारखे काहीच उरत नाही.

संगणकावर किंवा मोबाइलवर आलेख काढताना काही साधने य = … असेच रूप मागतात. वर्तुळात क्ष च्या एका किमतीला य च्या दोन किमती येऊ शकतात, त्यामुळे य = −२ + √(२५ − (क्ष − ३)²) हे वरचे अर्धवर्तुळ आणि वर्गमुळापूर्वी उणे चिन्ह घेऊन खालचे, अशी दोन समीकरणे वेगवेगळी द्यावी लागतात. दोन्ही अक्षांवरील प्रमाण सारखे नसेल, उदाहरणार्थ क्ष-अक्षावर १ सेंमी = १ एकक आणि य-अक्षावर १ सेंमी = २ एकके, तर हेच वर्तुळ चपटे, लंबवर्तुळासारखे दिसते. म्हणून आकृती बिघडलेली वाटली तर आकडेमोड पुन्हा करण्यापूर्वी अक्षांवरील प्रमाण पाहावे.