अपघातात घरचं माणूस गेलं तर भरपाई कशी मिळते

आमच्याकडून गाडीचा विमा काढणाऱ्या सर्वांसाठी हा कागद आहे. तो पॉलिसीच्या पाकिटातच राहू द्या, आणि पाकीट कुठे ठेवलंय ते घरात आणखी कुणाला तरी सांगून ठेवा. ज्या दिवशी तो लागेल, त्या दिवशी वाचणारे बहुधा तुम्ही नसाल.

आधी आमच्या काउंटरवरचा रोजचा गैरसमज: ‘थर्ड पार्टी विमा आहे, म्हणजे आपल्या घरच्यांनाही पैसे मिळतील.’ तसं नाही. थर्ड पार्टी विमा समोरच्यासाठी असतो. स्वतःचीच गाडी घसरून मालक गेला, तर त्यातून घरच्यांना काही मिळत नाही. त्यासाठी मालक-चालकाचा 15 लाखांचा वैयक्तिक अपघात विमा असतो आणि प्रीमियम कमी करायचा म्हटलं की लोक नेमका तोच वगळायला सांगतात. तो मिळायला चालू लायसन्स हवं. जुनी गाडी घेऊन वर्ष झालं तरी आरसी पहिल्या मालकाच्याच नावावर असेल, तर तिथेही गाडं अडतं.

दुसऱ्याच्या गाडीने मृत्यू झाला असेल तर वारसांनी मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात दावा लावायचा. अपघात सोलापूरला झाला आणि तुम्ही साताऱ्यात राहता, तर दावा साताऱ्यात लावता येतो. हेलपाटे घालायची गरज नाही. 1 एप्रिल 2022 पासून यासाठी अपघातापासून 6 महिन्यांची मुदत आहे. या मुदतीला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलेलं आहे, पण त्या भरवशावर बसू नका. तेरावं झालं की कागदांच्या मागे लागा.

रक्कम ठरते ती अशी. समजा, वर्कशॉपमध्ये काम करणारा 34 वर्षांचा माणूस, महिना 15,000 रुपये. मागे बायको, दोन मुलं आणि आई. कायम नोकरी नसली तरी चाळिशीच्या आतल्या माणसाला पुढच्या वाढीचे 40 टक्के धरतात, म्हणजे 21,000. अवलंबून असलेले चौघं, म्हणून त्याच्या स्वतःच्या खर्चाचा पाव हिस्सा वजा, राहिले 15,750. वर्षाचे 1,89,000. या वयाला गुणक (वर्षाची रक्कम कितीने गुणायची तो वयानुसार ठरलेला आकडा) 16, म्हणजे 30,24,000 रुपये. शिवाय अंत्यविधीचा खर्च वगैरे ठरावीक रकमा आणि व्याज.

आता हाच पगार कागदावर दाखवता आला नाही आणि न्यायाधिकरणाने अंदाजाने 10,000 धरला, तर आकडा 20,16,000 वर येतो. सिद्ध न झालेल्या दर हजार रुपयांमागे 2,01,600 रुपये गेले! म्हणून पगार रोखीने घेत असाल तर निदान थोडा तरी बँकेतून घ्या. शेतकऱ्यांनी दूध डेअरीचं पुस्तक, कारखान्याची ऊसबिलं, बाजार समितीच्या पट्ट्या टाकून देऊ नयेत. दुकान असेल तर आयकर विवरणपत्र वेळेत भरा. घर सांभाळणारी बाई गेली तर तिच्या कामाचंही उत्पन्न धरलं जातं. ‘ती कमवत नव्हती’ म्हणून दावा सोडू नका.

एफआयआर, घटनास्थळ पंचनामा, मरणोत्तर पंचनामा आणि पीएम रिपोर्ट यांच्या प्रती घ्याच. जबाबावर सही करण्याआधी तो कुणाकडून तरी मोठ्याने वाचून घ्या. आमच्या एका ग्राहकाच्या भावाने दवाखान्याच्या जिन्यात, हातात चपलांची पिशवी घेऊन, न वाचताच सही केली. ‘मोटारसायकल घसरून पडल्याने’ असं त्यात होतं. मागून धडक दिलेल्या टेम्पोचा उल्लेखच नव्हता. ते निस्तरायला साक्षीदार शोधत फिरावं लागलं.

ठोकून पळालेली गाडी सापडलीच नाही, तर सरकारी योजनेतून मृत्यूसाठी 2 लाख मिळतात. अर्ज प्रांत किंवा तहसीलदारांकडे. गाडी माहीत आहे पण चूक कुणाची हे सिद्ध करायच्या भानगडीत पडायचं नाही, तर मोटार वाहन कायद्याच्या कलम 164 खाली एकरकमी 5 लाखांची तरतूद आहे. मात्र ती रक्कम घेतली की मोठ्या दाव्याची वाट बंद होते. कमावता माणूस गेला असेल तर घाई करू नका.

‘एलआयसीचे पैसे मिळाले, आता भरपाईतून तेवढे कापतील’ ही भीती खोटी आहे. एसटी महामंडळाविरुद्धच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 1998 सालीच ते कापायचे नाहीत असं सांगितलं आहे.

वकिलाची फी आधी लिहून ठरवा. भरपाईतला टक्का फी म्हणून ठरवणं वकिलांच्या नियमांत बसत नाही, मग दवाखान्याच्या दारात कार्ड देणारा काहीही म्हणो. कोऱ्या कागदावर किंवा चेकवर सही करू नका. बाईला जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो, तिचं उत्पन्न कितीही असलं तरी.

आम्ही दावे चालवत नाही. समोरच्या गाडीचा नंबर घेऊन या. तिचा विमा कोणत्या कंपनीचा आणि कधीपर्यंतचा ते काढून देऊ. त्याचे पैसे घेत नाही.