दिग्दर्शक-संकलक

आपल्या चित्रपटाचे दिग्दर्शन आणि संकलन (चित्रित दृश्यांची निवड, काटछाट व जोडणी, म्हणजेच एडिटिंग) ही दोन्ही कामे स्वतः करणाऱ्या चित्रपटकाराला दिग्दर्शक-संकलक म्हणतात. भारतात ही पद्धत चित्रपटाइतकीच जुनी आहे. ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) करताना दादासाहेब फाळके यांनी दिग्दर्शनापासून फिल्म धुण्या-जोडण्यापर्यंतची बहुतेक कामे घरच्यांच्या मदतीने स्वतःच उरकली. पुढे स्टुडिओंच्या काळात खाती वेगळी झाली आणि संकलनाच्या टेबलावरून दिग्दर्शनाकडे जाणारी वाट रुळली. ‘दो बिघा जमीन’ (१९५३) या बिमल रॉय यांच्या चित्रपटाचे संकलक हृषिकेश मुखर्जी ‘मुसाफिर’पासून (१९५७) दिग्दर्शक झाले, तरी ‘आनंद’चे (१९७१) संकलन त्यांनी स्वतःकडेच ठेवले. नागपूरचे राजकुमार हिरानी पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये संकलनच शिकले. चैतन्य ताम्हाणे यांचा प्रवास उलटा: ‘कोर्ट’चे (२०१४) संकलन दुसऱ्याचे, ‘द डिसायपल’चे (२०२०) मात्र त्यांचे स्वतःचे.

संकलनातून आलेला दिग्दर्शक सेटवरच मनात कट लावत असतो, त्यामुळे तो नको ते शॉट घेत नाही आणि निर्मात्याचा खर्च वाचतो. उणीवही तिथेच आहे. भर उन्हात दिवसभर खपून मिळालेला शॉट टाकून देताना दिग्दर्शकाचा हात अडखळतो. त्रयस्थ संकलकाला ते ऊन ठाऊक नसते, त्याला फक्त पडद्यावरचे दिसते.

सोलापुरात ही पद्धत कलाविचारापेक्षा काटकसरीतून येते. लघुपट वा माहितीपट करणाऱ्या लहान चमूला वेगळा संकलक परवडत नाही, म्हणून दिग्दर्शकच लॅपटॉपवर एडिटला बसतो. शहराच्या पूर्व भागातील यंत्रमाग कारखान्यात चित्रण केले, की या दुहेरी भूमिकेचा उपयोग चटकन कळतो: संवादामागे मागाची खटखट अखंड चालू असते, आणि दोन टेक जोडले की तिचा ठेका मधेच तुटून कट कानाला टोचतो. ज्याला पुढे हे स्वतःच निस्तरायचे आहे, तो संवाद झाल्यावर नुसत्या मागाचा आवाज काही मिनिटे वेगळा ध्वनिमुद्रित करून घेतो आणि संकलनात तो सलग थर संवादाखाली अंथरतो. त्यातच या भागात बोलणे तेलुगू-मराठी मिश्र असते. अर्धे वाक्य कुठे तोडायचे, हे दोन्ही भाषा कळणाऱ्यालाच नेमके ठरवता येते.

तथापि, जिल्ह्यातील सर्वांत परिचित चित्रपटकाराने हा मार्ग धरलेला नाही. करमाळा तालुक्यातील जेऊरचे नागराज मंजुळे यांनी ‘फँड्री’चे (२०१३) संकलन चंदन अरोरा यांच्याकडे, तर ‘सैराट’चे (२०१६) कुतुब इनामदार यांच्याकडे सोपवले. अभिनेते, लेखक आणि दिग्दर्शक अशा अनेक भूमिका करणाऱ्या मंजुळे यांनी या दोन्ही चित्रपटांत संकलनाला दुसरी नजर ठेवली, हे लक्षणीय आहे.