नामसाम्य (अभिलेख व पेटंट-शोधातील)

नामसाम्य : दोन किंवा अधिक व्यक्तींचे नाव एकच असणे, आणि त्यामुळे जन्म-मृत्यूच्या नोंदी, जनगणना, जमिनीचे दप्तर, मतदार याद्या किंवा पेटंट-नोंदी यांतील विशिष्ट नोंद कोणाची हे ठरवताना येणारी अडचण. तिची दुसरी बाजू म्हणजे एकाच व्यक्तीचे नाव वेगवेगळ्या कागदांत वेगवेगळे लिहिलेले असणे. दोन्ही बाजू एकदमच हाताळाव्या लागतात. कारण लेखनभेद सामावून घेण्यासाठी शोधाचे जाळे रुंद केले, की परक्या व्यक्तीही त्यात सापडतात. प्रस्तुत नोंदीत संशोधक आणि त्यांच्या नावावरील पेटंटे यांचा विचार प्रामुख्याने केला असून इतर अभिलेखांचा परामर्श त्या अनुषंगाने घेतला आहे.

जुन्या नामसूची : पेटंटांची नावानुसार पद्धतशीर सूची प्रथम इंग्लंडात झाली असे सामान्यतः मानतात. १८५२ च्या पेटंट-सुधारणा कायद्यानंतर तेथील पेटंट कार्यालयाचे अधिकारी बेनेट वुडक्रॉफ्ट (१८०३–७९) यांनी १६१७ ते १८५२ या काळातील अधिकारपत्रांना मागाहून १ ते १४,३५९ असे क्रमांक दिले आणि कालानुक्रम, विषय व नाव अशा तीन प्रकारच्या सूची तयार केल्या. १६१७ हा मालिकेचा आरंभ आहे, प्रथेचा नव्हे. रंगीत काचेच्या कामासाठी जॉन ऑफ यूटिनम याला मिळालेले अधिकारपत्र १४४९ चे आहे. मालिकेतील पहिली नोंद नकाशांच्या कोरीव कामाविषयीची, मार्च १६१७ मधील धरली जाते. मात्र त्या काळी इंग्लंडात वर्ष २५ मार्चला पालटत असे. त्यामुळे जानेवारी ते मार्चमधील कोणत्याही नोंदीचे वर्ष मूळ कागदावर एकाने मागे असणे संभवते. समान नावाच्या दोन व्यक्तींना केवळ सालावरून वेगळे काढताना हा फरक घातक ठरतो.

वुडक्रॉफ्ट यांच्या नामसूचीची मोठी मर्यादा अशी, की तीत पेटंट घेणाऱ्याचे नाव आहे. शोध लावणाऱ्याचे असेलच असे नाही. परदेशातून ‘कळवलेला’ शोध पेटंट-मुखत्याराच्या नावावर नोंदवण्याची रीत ब्रिटनमध्ये सर्रास होती. हक्क विकत घेणाराही स्वतःच्या नावाने पेटंट घेई. एलायस हौ या अमेरिकी संशोधकाच्या शिवणयंत्राचे १८४६ चे ब्रिटिश पेटंट विल्यम टॉमस या लंडनच्या व्यापाऱ्याच्या नावे आहे. अमेरिकेत याउलट २०१२ पर्यंत अर्ज संशोधकाच्याच नावे करावा लागे. म्हणून एकोणिसाव्या शतकातील ब्रिटिश आणि अमेरिकी नामसूची शेजारी ठेवून ताडताना त्या एकाच प्रकारच्या याद्या आहेत असे गृहीत धरू नये. अमेरिकी नोंदींत आणखी एक खिंडार आहे. १५ डिसेंबर १८३६ च्या आगीत पेटंट कार्यालयातील सुमारे १०,००० पेटंटांचे कागद व नमुने जळाले आणि त्यांपैकी सुमारे २,८०० चीच पुनर्रचना होऊ शकली. उरलेल्यांबाबत बहुधा नाव, तारीख व शीर्षक एवढेच हाती लागते.

नाव, देश व काळ तिन्ही जुळूनही व्यक्ती भिन्न असू शकतात, हे अलेक्झांडर बेन या नावावरून स्पष्ट होते. एक बेन (सु. १८१०–७७) स्कॉटलंडच्या केथनेस भागातला, घड्याळजीकडे उमेदवारी केलेला. विजेवर चालणाऱ्या घड्याळाचे १८४१ चे (जॉन बार्वाइझ याच्यासह) आणि तारेने चित्र पाठवण्याच्या यंत्रणेचे १८४३ चे ब्रिटिश पेटंट त्याचे आहे. दुसरा बेन (१८१८–१९०३) हा अ‍ॅबर्डीनचा तत्त्वज्ञ व मानसशास्त्रज्ञ. दोघेही स्कॉटिश, दोघेही गरीब घरांतले, आणि दोघांचा कार्यकाळ जवळजवळ तीन दशके एकावर एक येणारा. जन्मगाव व व्यवसाय पाहिल्यावाचून येथे निर्णय होत नाही.

साउंडेक्स : उच्चारात जवळ असलेली आडनावे एका संकेताखाली आणण्याची ही पद्धत स्वतःच एक पेटंट घेतलेला शोध आहे. पिट्सबर्गचे रॉबर्ट सी. रसेल यांना २ एप्रिल १९१८ रोजी अमेरिकी पेटंट क्र. १२,६१,१६७ मिळाले, पुढचे १९२२ मध्ये. अनेक संदर्भग्रंथांत या पद्धतीचे श्रेय रसेल व मार्गारेट ओडेल यांना जोडीने दिले जाते. १९१८ च्या पेटंटवर मात्र एकट्या रसेल यांचे नाव आहे. ओडेल यांचा वाटा नंतरच्या विकासात व प्रसारात असावा, हे मत अधिक ग्राह्य वाटते. १९१८ च्या मसुद्यात वर्णांचे आठ गट होते. स्वरांचा गट वेगळा होता, आणि ‘एम’ व ‘एन’ यांनाही स्वतंत्र अंक होते. आज रूढ असलेली सहा गटांची रचना पुढची होय.

रूढ पद्धतीत आडनावाचे पहिले रोमन अक्षर कायम ठेवून पुढील व्यंजनांना अंक देतात : बी, एफ, पी, व्ही यांना १, सी, जी, जे, के, क्यू, एस, एक्स, झेड यांना २, डी, टी यांना ३, एल ला ४, एम, एन यांना ५, आर ला ६. स्वर, वाय, एच व डब्ल्यू यांना अंक नाही. लागोपाठ आलेला समान अंक एकदाच घेतात (मध्ये स्वर असल्यास मात्र दोनदा) आणि तीन अंक पुरे झाले की थांबतात. कमी पडल्यास शून्ये लावतात. रॉबर्ट व रूपर्ट या दोहोंचा संकेत ‘आर १६३’ असाच येतो. १९३० च्या दशकात अमेरिकेत वृद्धांना निवृत्तिवेतनासाठी वयाचा पुरावा लागू लागला, आणि अनेकांच्या जन्माची नोंदच झालेली नव्हती. तेव्हा १८८०, १९०० व १९२० च्या जनगणनांच्या सूची या पद्धतीने करण्यात आल्या. १८८० च्या सूचीत फक्त दहा वर्षांपर्यंतचे मूल असलेली कुटुंबे घेतली आहेत. त्यामुळे तीत नाव न मिळणे हा ती व्यक्ती नसल्याचा पुरावा होत नाही.

वाद आहे तो ‘एच’ व ‘डब्ल्यू’ यांविषयी. समान अंकाच्या दोन व्यंजनांमध्ये यांपैकी एखादे अक्षर आले, तर ती दोन व्यंजने एक धरायची की दोन? आजचा अधिकृत नियम एक धरण्याचा आहे. त्यानुसार अ‍ॅशक्राफ्टचा संकेत ‘ए २६१’. परंतु जुन्या सूचीकारांपैकी काहींनी या अक्षरांना स्वराप्रमाणे वागवले आणि संकेत ‘ए २२६’ केला. सूचींची दोन्ही प्रकारची कार्डे अस्तित्वात असल्याने जाणकार दोन्ही ठिकाणी शोधतात, आणि तेच योग्य होय. मराठी नावांच्या बाबतीत हा प्रश्न अधिक जिव्हाळ्याचा आहे. कारण रोमन लेखनात ख, घ, ध, भ आणि श या सर्वांसाठी ‘एच’ वापरावा लागतो. देशकर हे आडनाव एका नियमाने ‘डी २६०’ होते, दुसऱ्याने ‘डी २२६’.

मराठी आडनावे या चाळणीतून काढली असता तिचे गुणदोष लगेच दिसतात. जोशी व जोग दोन्ही ‘जे २००’. आगरकर व आघारकर दोन्ही ‘ए २६२’. समाजसुधारक गोपाळ गणेश आगरकर आणि वनस्पतिशास्त्रज्ञ शंकर पुरुषोत्तम आघारकर यांची गल्लत वाचकांकडून वारंवार होते. पुण्यातील आघारकर संशोधन संस्था आगरकरांच्याच नावाच्या रस्त्यावर असल्याने तिला आणखी वाव मिळतो. याउलट एकच आडनाव चव्हाण व चौहान असे दोन प्रकारे लिहिले की संकेत ‘सी १५०’ आणि ‘सी ५००’ असे दूर जातात. वाघ हे नाव ‘डब्ल्यू’ने किंवा ‘व्ही’ने, फुले हे ‘पी’ने किंवा ‘एफ’ने सुरू होऊ शकते. पहिले अक्षर कायम ठेवण्याचा नियम येथे हमखास चुकवतो. यहुदी व पूर्व युरोपीय नावांसाठी डेच व मोकोटॉफ यांनी १९८५ मध्ये या दोषावर उपाय योजले. मराठी आडनावांसाठी त्या तोलाची सर्वमान्य पद्धत रूढ झालेली नाही, ही उणीव खरोखर भरून निघायला हवी.

जुळणीचे गणित : हॅल्बर्ट डन यांनी १९४६ मध्ये व्यक्तीच्या विखुरलेल्या नोंदी एकत्र जोडण्याची कल्पना मांडली. हॉवर्ड न्यूकम यांनी १९५९ मध्ये ती संगणकावर आणली, तर फेलेगी व सन्टर यांनी १९६९ मध्ये तिला संभाव्यतेचा पाया दिला. विरळ नावाच्या जुळणीला अधिक वजन द्यायचे, हे यातील मुख्य सूत्र. दोन कागदांवर ‘पाटील’ असणे फारसे काही सांगत नाही. ‘भिसे’ असणे त्याहून अधिक सांगते. निर्णयही दोन नव्हे, तीन ठेवले जातात : एकच व्यक्ती, भिन्न व्यक्ती आणि अनिर्णित. पेटंटांवर संशोधकाचे नाव व गाव छापलेले असते, जन्मतारीख नसते. त्यामुळे सहसंशोधक, मालक-कंपनी, तंत्राचा वर्ग आणि वर्षे यांवरून ही जुळणी करतात. नोकरी आणि शहर एकदम बदलणारा संशोधक अशा वेळी दोन माणसांत विभागला जातो. उलट एकाच मोठ्या कंपनीत एकाच नावाचे दोघे असले की ते एक होतात. दोहोंत दुसरी चूक अधिक गंभीर मानावी. फुटलेल्या नोंदी पुढे पुरावा मिळाल्यास जोडता येतात; पण एकत्र मिसळलेल्या चरित्रांतून कोणता तपशील कोणाचा हे सोडवणे फार कठीण जाते, आणि तोवर ते चुकीचे चरित्र इतरांनी उद्धृत केलेले असते. विद्वानांसाठी २०१२ पासून ऑर्किड (ORCID) हा व्यक्तीची ओळख पटवणारा सोळा-अंकी क्रमांक उपलब्ध आहे. जुन्या संशोधकांना त्याचा उपयोग नाही.

भारतातील नोंदी : शोधांवरील ‘अनन्य अधिकार’ येथे १८५६ च्या सहाव्या अधिनियमाने सुरू झाले. पहिला अर्ज कलकत्त्याच्या जॉर्ज डीपेनिंग यांचा, पंखा ओढण्याच्या यंत्रासाठीचा, ३ मार्च १८५६ चा समजला जातो. राणीची पूर्वसंमती न घेतल्याने तो कायदा १८५७ मध्ये रद्द झाला आणि १८५९ मध्ये नवा आला. पुढे १८८८, १९११ व १९७० (अंमल २० एप्रिल १९७२ पासून) असे कायदे झाले. यामुळे क्रमांकांच्या मालिका तुटक आहेत. १९७० च्या कायद्यानुसार अर्जदार हा संशोधकाकडून हक्क मिळालेला दुसरा कोणीही असू शकतो, म्हणून नावाने शोध घेताना अर्जदार व संशोधक ही दोन्ही रकाने पाहावी लागतात.

मुंबईत जन्मलेले आणि लंडन व न्यूयॉर्क येथे काम केलेले शंकर आबाजी भिसे (१८६७–१९३५) यांची पेटंटे परदेशी नोंदींत आडनावाच्या शेवटी ‘वाय’ जोडून आहेत. तो न जोडता शोधल्यास ती निसटू शकतात. साउंडेक्सने दोन्ही लेखने ‘बी २००’ वर येतात खरी, पण त्याच संकेतावर बोसही येतात; आणि जगदीशचंद्र बोस यांचे विद्युत्लहरी-शोधकाचे अमेरिकी पेटंट (क्र. ७,५५,८४०, २९ मार्च १९०४) भिसे यांच्याच काळातले आहे.

मराठी नावात वडिलांचे नाव मध्ये असल्याने नामसाम्य बरेच आटोक्यात राहते. बाजीराव बल्लाळ व बाजीराव रघुनाथ हे दोन पेशवे त्यावरूनच वेगळे ओळखू येतात. परंतु आजोबांचे नाव नातवाला ठेवण्याच्या प्रथेमुळे गोविंद विष्णु, त्याचा मुलगा विष्णु गोविंद, त्याचा मुलगा पुन्हा गोविंद विष्णु अशी साखळी तयार होते. तिहेरी नाव एक पिढी सोडून जसेच्या तसे परत येते. जुने फेरफार वाचताना म्हणूनच सन व गट किंवा सर्व्हे क्रमांक यांना नावापेक्षा अधिक मान द्यावा. दस्तऐवजांतील ‘वय, धंदा, रा.’ हा क्रम आणि ‘उर्फ’ यांचे काम हेच आहे. निवडणूक नियमांतही (१९६१, नियम २२) समान नावाच्या उमेदवारांना व्यवसाय किंवा राहण्याचे ठिकाण जोडून वेगळे दाखवण्याची तरतूद आहे. ती अपुरी पडते असे २०१४ च्या रायगड लोकसभा निवडणुकीवरून दिसते : सुनील तटकरे सुमारे २,१०० मतांनी हरले आणि त्यांच्याच नावाच्या अपक्षाला नऊ हजारांहून अधिक मते पडली. महाराष्ट्रात १ मे २०२४ पासून जन्मलेल्यांच्या शासकीय कागदपत्रांत आईचे नावही येते. त्यामुळे पुढील पिढ्यांच्या नोंदींना आणखी एक ओळखखूण लाभली आहे.

स्त्री-संशोधकांबाबत साधने तुटपुंजी आहेत. अमेरिकी पेटंट कार्यालयाने १७९० ते १८८८ मधील स्त्रियांच्या पेटंटांची यादी छापली, पण ती नावावरून स्त्री ओळखून केलेली असल्याने आद्याक्षरांनी नाव देणाऱ्या स्त्रिया तीत सुटल्या असाव्यात. मराठी स्त्रीचे विवाहानंतर आडनाव, मधले नाव आणि कित्येकदा पहिले नावही बदलत आले आहे. राजपत्रातील नावबदलाची जाहिरात किंवा विवाहनोंद मिळाली तरच माहेरच्या व सासरच्या नोंदी एकमेकींना जोडता येतात.