सुट्टे नाहीत, चॉकलेट चालेल?

मेक्सिकोतल्या त्लाश्कालाचा १५४५ सालचा एक कागद आहे, नावात्ल भाषेतला, आणि त्यात चक्क बाजारभाव लिहून ठेवलेत. मोठा टोमॅटो एक बी. टर्की पक्ष्याचं अंडं तीन बिया. टर्कीची मादी हवी असेल तर १०० टपोऱ्या बिया मोजा, आणि तुमच्याकडच्या बिया पोचट असतील तर १२०. आपल्याकडे फाटकी नोट दुकानदार हातात पण धरत नाही, तिथे निदान पोचट पैसा कमी भावाने तरी चालायचा!

या बिया म्हणजे कोकोच्या, ज्यांचं चॉकलेट होतं. मला त्या यादीतला सगळ्यात आवडलेला भाव अवोकाडोचा आहे. नुकताच तोडलेला कडक असेल तर तीन बिया, पूर्ण पिकलेला असेल तर एकच. कारण उघड आहे, पिकलेला उद्या सडणार, संध्याकाळी भाजीवाली उरलेल्या मऊ टोमॅटोचं जे करते तेच.

आता पैसा म्हणून हीच बी का? झाडं तर हजार प्रकारची होती. तर कोकोचं झाड भयंकर नखरेल आहे. उष्ण, दमट हवा, वर सावली, थंडी अजिबात नको. फुलं फणसासारखी थेट खोडावर येतात, एवढीशी, आणि त्यांचं परागीभवन मुख्यतः बारीक चिलटं करतात, त्यामुळे बहुतेक फुलं तशीच गळून जातात. एका फळात साधारण ३०-४० बिया, पांढऱ्या गरात लपेटलेल्या. त्या काही दिवस आंबवायच्या, मग उन्हात वाळवायच्या, की बरेच महिने टिकतात. स्पॅनिश येण्याआधी मध्य मेक्सिकोवर राज्य करणाऱ्या अ‍ॅझटेकांची राजधानी तेनोच्तित्लान समुद्रसपाटीपासून २२०० मीटरच्या वर, तिथे हे झाड जगणंच शक्य नाही. म्हणजे राजधानीतल्या माणसाला परसात पैसे पिकवता येत नव्हते, सगळा माल खालच्या गरम प्रदेशातून, उदा. पॅसिफिक किनाऱ्यावरच्या सोकोनुस्कोहून यायचा, आणि तोही माणसांच्या पाठीवरून, कारण ओझ्याला ना घोडा होता ना बैल.

मोजणी विसाच्या पटीत. २० चे ४००, ४०० चे ८०००, आणि ८००० बियांच्या पोत्याला म्हणायचे शिकिपिल्ली. अशी तीन पोती म्हणजे २४,००० बिया, हा एका हमालाचा बोजा. वाळलेली बी साधारण एक ग्रॅमची धरली तर २४ किलोच्या आसपास होतात, बरोबर जुळतं. मोठ्या व्यवहाराला सुती कापडाचे तागे चालायचे, बी म्हणजे चिल्लर.

आणि चलन आलं की नकली चलन आलंच. सहागुन नावाच्या स्पॅनिश पाद्रीने तिथल्या लोकांकडून बाजाराची बारीकसारीक माहिती गोळा केली होती, त्यात लबाड कोकोवाल्याचं वर्णन आहे. हा बाबा बीचं टरफल घ्यायचा, आत राजगिऱ्याचं पीठ नाहीतर मेण नाहीतर अवोकाडोच्या कोयीचे तुकडे भरायचा आणि खऱ्या बियांत मिसळून द्यायचा. (हो, आपला उपासाचा राजगिरा, तो मूळचा तिकडचाच.) एवढी मेहनत कोणी साध्या खाऊच्या वस्तूसाठी करेल का, मला नाही वाटत.

गंमत म्हणजे हा पैसा पिताही यायचा. बिया भाजून, वाटून, पाण्यात कालवून, मिरची वगैरे घालून वरून ओतून फेस काढायचा. श्रीमंतांचं पेय, कारण ज्याच्या घरात चार दाणे जास्त तोच ते वाटून टाकणार, बाकीच्यांचे बाजारातच खर्च व्हायचे. पीटर मार्टिर या इटालियन लेखकाला तर हा पैसा धन्य वाटला, कारण तो जमिनीत पुरून फार काळ ठेवता येत नाही, खराब होतो, म्हणजे कंजूषपणाला वावच नाही. आपल्याकडे उलटा मार्ग होता बघा, १७ व्या शतकात गुजरातेत इराणहून आलेले बदाम चिल्लर म्हणून चालायचे, ते मुद्दाम कडू जातीचे, म्हणजे कोणी पैसा खाऊन टाकायचा प्रश्नच नाही.

हे सगळं अ‍ॅझटेकांनी काढलेलं नाही. त्यांच्या आधीचे तिथले माया लोक, त्यांच्या मेक्सिकोतल्या बोनाम्पाकच्या भित्तिचित्रांत, आठव्या शतकातल्या, एका गाठोड्यावर लिहिलंय त्याचा अर्थ पाच वेळा आठ हजार कोको, म्हणजे ४०,००० बिया. ग्वाटेमालातल्या रिओ असुलला पाचव्या शतकातल्या एका थडग्यात झाकणाचं मडकं सापडलं, त्यावर माया लिपीत ‘ककाव’ लिहिलेलं होतं, आणि आतला वाळलेला थर तपासला तर थिओब्रोमीन आणि कॅफीन ही दोन्ही रसायनं मिळाली, ही जोडी त्या भागात कोकोचीच खूण. लेबल आणि आतला माल एकच निघाला, जे आजही दरवेळी होत नाही.

१५०२ मध्ये कोलंबसाच्या माणसांनी होंडुरासजवळ एक मोठी होडी पकडली, तिच्यात असे ‘बदाम’ होते. खाली सांडले तर होडीतली माणसं डोळा निखळून पडल्यासारखी गोळा करायला वाकली, असं त्याच्या मुलाने लिहून ठेवलंय. कोलंबसाला काही कळलं नाही, पुढे गेला. अ‍ॅझटेकांना जिंकणाऱ्या स्पॅनिश कोर्तेसला मात्र लगेच कळलं, की हा पैसा आहे. १५५५ ला स्पॅनिश सरकारने दरच ठरवून टाकला, १ रेआलला (स्पॅनिश चांदीचं नाणं) १४० बिया. आणि १८४० च्या दशकातसुद्धा मेक्सिकोच्या पूर्वेकडच्या युकातानच्या बाजारात या बिया हातोहात फिरत होत्या, कारण तिथे तांब्याचं नाणंच नव्हतं आणि सगळ्यात छोटं चांदीचं नाणं एवढं मोठं पडायचं की त्याच्या खालच्या हिशोबाला दुसरं काही हाताशी नव्हतं.