मुंबई हाय शोधलं कोणी? ‘सागर सम्राट’ आणि ‘अर्खांगेल्स्की’ची गोष्ट

एक रुपयाच्या नोटेच्या मागच्या बाजूला समुद्रात उभा असलेला एक सांगाडा छापलेला आहे. तो ‘सागर सम्राट’, समुद्रात तेलविहीर खोदणारा रिग. फेब्रुवारी १९७४ मध्ये मुंबईच्या पश्चिमेला साधारण १६० किलोमीटरवर त्याने विहीर खोदली, तेल लागलं, मुंबई हाय हे तेलक्षेत्र सापडलं आणि ‘मुंबई हायचा शोध : सागर सम्राट’ ही ओळ स्पर्धा परीक्षांच्या पुस्तकांत कायमची जाऊन बसली. ओळ खोटी नाही, अर्धी आहे. सागर सम्राट बांधून झाला १९७३ साली, जपानमध्ये. त्या जागी समुद्रतळाखाली, तेल साठलेलं असू शकेल असा, मोठा उंचवटा आहे हे मात्र १९६४ ते ६७ या काळातच कळलं होतं. खंबातच्या आखातात सर्वेक्षण करणाऱ्या ‘अकादमिक अर्खांगेल्स्की’ या सोव्हिएत जहाजावरच्या भारतीय-सोव्हिएत पथकाचं ते काम. १९७२ मध्ये पुन्हा बारकाईने पाहणी झाली आणि मगच खोदाईचा विषय निघाला. अर्खांगेल्स्की कुठल्याही नोटेवर नाही.

बातम्यांमध्ये सर्वेक्षण करणारं आणि खोदणारं, या दोन्ही प्रकारांना सरसकट ‘तेल शोधणारं जहाज’ म्हणतात. खरं तर एकाचं काम ऐकायचं आणि दुसऱ्याचं भोक पाडायचं. गावाकडे पाणाड्या जागा दाखवतो आणि बोअरची गाडी नंतर येते, तसंच काहीसं. फरक एवढाच की इथल्या पाणाड्याच्या हातात नारळ नसतो, त्याच्यामागे काही किलोमीटर लांबीची केबल असते.

ती केबल म्हणजेच या जहाजाचा खरा ऐवज. भूकंपीय सर्वेक्षण करणारं आजचं जहाज आपल्या मागे ‘एअरगन’चा संच ओढतं. दर काही सेकंदांनी त्यातून दाबाखालची हवा एकदम पाण्यात सोडली जाते आणि धप्प असा आवाज होतो. हा आवाज पाण्यातून सेकंदाला सुमारे १,५०० मीटर वेगाने खाली जातो, तळाशी पोचतो आणि तळ भेदून आणखी खाली उतरतो. जिथे खडकाचा थर बदलतो तिथून त्याचा थोडा भाग परत फिरतो. हे परतलेले आवाज टिपायला ‘स्ट्रीमर’ नावाच्या केबली असतात. एकेक केबल पाच-सहा किलोमीटर, कधी त्याहूनही लांब, आणि तिच्यात शेकडो हायड्रोफोन, म्हणजे पाण्यातले मायक्रोफोन. केबल वर येऊ नये की बुडू नये म्हणून तिला ठरावीक अंतरावर छोटे पंख लावलेले असतात. जहाजावर त्यांना ‘बर्ड’ म्हणतात. शेपटाला दिवा लावलेला बोया.

एवढं लटांबर मागे असल्यावर जहाजाला वाटेल तेव्हा थांबता येत नाही. वेग चार-पाच नॉट, म्हणजे ताशी आठ-नऊ किलोमीटर. एक ओळ संपवून दुसऱ्या ओळीवर वळायलाच तास न् तास जातात. शेतात नांगराचं तास धरल्यासारखं हे जहाज आठवडेच्या आठवडे वर-खाली करत राहतं. नव्या काळातल्या ‘रामफॉर्म टायटन’ जातीच्या जहाजांचा मागचा भाग तब्बल ७० मीटर रुंद असतो, कारण एका वेळी डझनभर केबली पसरून सोडायच्या असतात. वरून पाहिलं तर जहाज त्रिकोणी दिसतं.

खोदणाऱ्याचं सगळं उलटं. त्याला जागचं हलायचं नसतं. सागर सम्राट हा ‘जॅक-अप’ जातीचा रिग : तरंगत जागेवर यायचं, पाय समुद्रतळावर टेकवायचे आणि स्वतःला लाटांच्या वर उचलून घ्यायचं. मुंबई हायला पाणी जेमतेम ७५ मीटर खोल, तिथे हे जमतं. कृष्णा-गोदावरी खोऱ्यातल्या खोल समुद्रात पाय पुरत नाहीत. तिथे खरीखुरी खोदाई-जहाजं लागतात आणि ती उपग्रहावरून स्थान घेत, चहूबाजूंचे पंखे फिरवत एका बिंदूवर टिकून राहतात. ओळख सोपी आहे. जहाजाच्या मधोमध उंच मनोरा दिसला की ते खोदणारं, मागचा भाग मोकळा आणि तिथे केबलची प्रचंड रिळं दिसली की ते ऐकणारं.

आता मुद्द्याची गोष्ट. ऐकणाऱ्या जहाजाला तेल दिसत नाही. त्याला आकार दिसतो, तोसुद्धा मीटरमध्ये नाही तर सेकंदांत : आवाज जाऊन यायला किती वेळ लागला एवढंच. खडकातला आवाजाचा वेग गृहीत धरून त्याची खोली करायची, आणि तो वेग नीट कळतो विहीर खोदल्यावरच. म्हणजे पाणाड्याचा हिशेबही शेवटी बोअरवालाच दुरुस्त करतो.

हे किती अंगाशी येऊ शकतं याचा दाखला आपल्याच समुद्रात आहे. थंडी आणि दाबामुळे समुद्रतळाखाली मिथेन वायू पाण्याबरोबर बर्फासारखा गोठतो. त्याला गॅस हायड्रेट म्हणतात. भूकंपीय चित्रात त्याची खूण म्हणजे समुद्रतळाला समांतर जाणारी एक ठळक रेघ. २००६ मध्ये भारताच्या मोहिमेसाठी ‘जॉइडेस रिझोल्युशन’ या खोदाई-जहाजाने अशा ठिकाणी भोकं पाडली. कृष्णा-गोदावरी खोऱ्यात एका जागी हायड्रेटचा सव्वाशे मीटरहून जाड पट्टा सापडला. केरळ-कोकण खोऱ्यातल्या विहिरीत मात्र हायड्रेट निघालंच नाही, चुनखडीयुक्त गाळ निघाला. रेघेवरून जे वाटलं होतं ते तिथे नव्हतं.

मग खोदणारंच खरं, असंही नाही. विहिरीची रुंदी हातभरही नसते आणि एकेका विहिरीचा खर्च कोट्यवधींत. मुंबई हायचा विस्तार पाहता कुठेही भोक पाडत सुटणं म्हणजे नुसता जुगार झाला असता. म्हणूनच मला वाटतं, श्रेय द्यायचं तर उंचवट्याचं अर्खांगेल्स्कीवरच्या पथकाला आणि तेलाचं सागर सम्राटला. परीक्षेत मात्र एकच पर्याय निवडावा लागतो.

किनाऱ्यावरच्या लोकांना हा फरक कुणी समजावून सांगावा लागत नाही. रिगभोवती ५०० मीटरचं सुरक्षा क्षेत्र असतं. ते नकाशावर ठरलेलं, ते टाळून जाता येतं. सर्वेक्षणाचं जहाज आलं की टाळायची जागा रोज सरकते. पालघर-डहाणूकडे खुंटांना बांधलेली डोलजाळी असतात, ती उचलून बाजूला ठेवता येत नाहीत. जहाजापुढे गस्ती नौका फिरतात, बोटींना ‘लांब व्हा’ सांगतात, आणि नेमका हंगामाचा वेळ त्यात गेला की नुकसानभरपाईचा वाद उभा राहतो.